वरवंट्यावरचे बोल्ट

"तो राक्षस घरात आणायचा नाही," बाबा शलाकाला म्हणाले. "तिकडे चपलांपाशी ठेव."

शलाकाने हसत ड्रिल मशीनची पिशवी दाराबाहेरच्या चपलांशेजारी ठेवली आणि आत आली. शनिवारची सकाळ होती. मी आदल्या संध्याकाळी पुण्याहून अंबरनाथला आले होते, कारण रविवारी वरवंटा सुळक्याच्या पहिल्या चढाईला चाळीस वर्षं पूर्ण होणार होती आणि ती चढाई करणाऱ्या दोघांपैकी एक, म्हणजे माझे वडील, सदुसष्टाव्या वर्षी पुन्हा त्या सुळक्यावर जाणार होते. त्यांच्या गिर्यारोहण मंडळातल्या तरुणांनी पुढे चढून वरून दोर धरायचा, त्या दोरावर बाबांनी चढायचं, माथ्यावर नारळ फोडायचा, भगवा लावायचा आणि उतरून यायचं, असा बेत होता. दुसरे यशवंतकाका चुरी. ते मंडळाचे अध्यक्ष. त्यांचे गुडघे गेले होते, म्हणून ते पायथ्याशी माइक घेऊन बसणार होते.

"काकू, पोहे उरलेत का?" शलाकाने आत डोकावून विचारलं.

"उरवलेत. आणि ते मशीन आत घे गं, कोणी उचलून नेईल."

"नेऊ दे," बाबा म्हणाले. "चोराला पुण्य लागेल."

शलाका भोईर बँकेत नोकरी करायची आणि दर रविवारी सुळके चढायची. मंडळात तिच्याइतकं चांगलं चढणारं त्या वेळी कोणी नव्हतं, हे बाबाच सांगायचे. फक्त तिच्या पाठीमागे. ताटली घेऊन ती त्यांच्यासमोर जमिनीवर बसली.

"दादा, दोनच मारते. माथ्यावर, तुमच्या दोन बोल्टांच्या शेजारी. स्टेनलेसचे. तुमच्यांना हात लावत नाही."

"शेजार कशाला? त्यांना काय एकटं वाटतंय?"

"चाळीस पावसाळे झालेत त्यांना."

"मला सदुसष्ट झालेत."

"तुम्ही लोखंडाचे नाही आहात."

"तेच म्हणतोय. मी हाडामासाचा असून टिकलो. ते तर लोखंडाचे आहेत."

शलाकाने माझ्याकडे बघितलं. "ताई, तुम्ही तरी सांगा."

"तिला काय विचारतेस? ती पुस्तकातले डोंगर चढते," बाबा म्हणाले. "एव्हरेस्ट, नंगा पर्वत, सगळं खुर्चीत बसून. एकदाही खरचटलेलं नाही."

मी कॉलेजच्या ग्रंथालयात काम करते. हा विनोद मी शाळेत असल्यापासून ऐकत आले होते आणि तो वाईट नव्हता.

त्या बोल्टांचं महत्त्व आमच्या घरात कोणाला समजावून सांगावं लागत नसे. बाबा अंबरनाथच्या एका कारखान्यात टर्नर होते. पाळी संपल्यावर लेथवर त्यांनी स्वतः ते बोल्ट कातले. यशवंतकाकांनी दोर उसना आणला. कॅनव्हासचे बूट घालून हे दोघे वरवंट्याला भिडले. कातळाला लोंबकळत हातोडा आणि छिन्नीने एकेक भोक पाडायचं, त्यात बोल्ट ठोकायचा, त्याला दोर अडकवायचा आणि वर सरकायचं. एका भोकाला निम्मी सकाळ जायची. माथ्यावर पोचले तेव्हा त्यांच्याकडे कॅमेरा नव्हता. लावलेलं निशाण वाऱ्याने नेलं. मुंबईतल्या एका मोठ्या क्लबाने उघडच म्हटलं की, कारखान्यातली ही पोरं थापा मारतायत. वरवंटा अजून कुमार आहे, कोणी चढलेलंच नाही. पुढच्या हिवाळ्यात तो क्लब स्वतः चढला, आणि माथ्यावर त्यांना दोन बोल्ट दिसले. एकाच्या डोक्यावर 'भा' कोरलेला होता, दुसऱ्यावर 'य'. भालचंद्र आणि यशवंत. त्या क्लबाच्या म्होरक्याने भर सभेत उभं राहून माफी मागितली.

तेव्हापासून मंडळाचा नियम झाला. वरवंट्यावरच्या बोल्टांना हात लावायचा नाही, त्यांच्या शेजारी दुसरा ठोकायचा नाही. जो कोणी चढेल त्याने पहिल्या बोल्टापाशी पोचल्यावर आधी त्याला कपाळ टेकवायचं, मग दोर अडकवायचा. दर वर्षी दिवाळीच्या आधी मंडळाची एक तुकडी वर जाऊन सगळ्या बोल्टांना रेड ऑक्साइडचा हात मारून यायची. लांबून ते शेंदूर फासल्यासारखे दिसत.

"दादा, रंग बाहेरून लागतो," शलाका म्हणाली. "कातळाच्या आत काय झालंय ते कोणाला दिसतंय?"

"आत काय आहे ते मला माहीत आहे. मी ठोकलंय."

"एकदा ओढून तरी बघू द्या. जोर लावून."

बाबांनी चहाचा कप खाली ठेवला. आवाज चढवला नाही. त्यांना आवाज चढवावा लागत नसे.

"शलाका, तुझ्या आईच्या गळ्यातलं मंगळसूत्र तू ओढून बघतेस का, तुटतंय का ते?"

तिने पोहे संपवले, ताटली घासून ठेवली आणि मशीन उचलून गेली. जाताना बाबांच्या पाया पडली. "उद्या पाचला गाडी आणते."

"जेवायला काहीतरी आण. मंडळाची भाजी नेहमी खारट असते."

मग तो दिवस साधाच गेला. बाबांनी दुपारी शिकरण मागितलं, पेपर पोटावर ठेवून झोपले, उठून आईशी पंख्याच्या रेग्युलेटरवरून भांडले. संध्याकाळी त्यांनी नवीन हार्नेस कमरेला चढवला आणि आरशासमोर वळून वळून बघितलं.

"वृंदे, यात मी जाड दिसतो का?"

"दिसता."

"कुसुम, ही तुझ्यावर गेली आहे," त्यांनी आत ओरडून सांगितलं.

*

वरवंटा लांबून नावासारखाच दिसतो, पाट्यावर उभा करून ठेवलेला. त्याच्या पायथ्याला एक पठार आहे. तिथे मंडळाची कुटुंबं, तरुण पोरं, जुने सदस्य असे सगळे जमले होते. चूल पेटली होती. आई आणि मी एका हिरड्याच्या सावलीत बसलो होतो आणि यशवंतकाका माइकवरून चढाई ऐकवत होते.

"आता भालू पहिल्या बोल्टापाशी… टेकवलं! टेकवलं कपाळ!"

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. खालून एक लाल हेल्मेट क्षणभर कातळाकडे झुकलेलं दिसलं.

"घरातल्या देवापुढे कधी वाकले नाहीत," आई म्हणाली आणि हसली. त्या दिवशी ती छान दिसत होती. तिने खास त्या दिवसासाठी हिरवी साडी काढली होती, डोंगराच्या पायथ्याला कोणी नेसत नाही अशी.

बाबा हळूहळू चढले. दोनदा बराच वेळ थांबले, तेव्हा काकांनी माइकवरून जुन्या चढाईचे किस्से सांगून वेळ मारून नेली. शेवटी माथ्यावर चार माणसं दिसली: शलाका, मंडळातले आणखी दोघे तरुण, आणि बाबा. भगवा फडकला. खाली घोषणा झाल्या. काका रडत होते आणि माइक सुरूच होता, त्यामुळे ते रडणंही पठारभर ऐकू आलं.

"आता उतरायला सुरुवात. पहिला मान भालूचा!"

पण बराच वेळ कोणी उतरेना. वर कोणीतरी वाकत होतं, कोणीतरी हात हलवत होतं. काकांनी वॉकीटॉकी तोंडाशी धरला. "काय चाललंय रे?" पलीकडचं ऐकून ते हसले आणि आम्हाला म्हणाले, "काही नाही. भाल्या तापलाय. शांत होईल."

मग लाल हेल्मेट कड्याच्या बाहेर आलं. बाबा दोरावर मागे रेलले, दोन पावलं खाली आले. त्यांनी एक हात सोडून आमच्या दिशेने हलवला. आईने पदर हलवला.

त्यानंतर ते पडले.

मी खालून बघत होते. दगड सुटला की कातळावर आपटत येतो, त्याचा आवाज आधी होतो, मागे धुरळा उठतो. इतकं माझ्यासारख्या खुर्चीत बसणारीलाही माहीत आहे. मला दगड दिसला नाही आणि ऐकू आला नाही.

ज्या माणसाला जिना उतरताना कठडा धरावा लागायचा, ते यशवंतकाका धावले. बाबांपर्यंत सगळ्यांत आधी तेच पोचले. मी पोचले तेव्हा त्यांनी आपला कोट बाबांच्या तोंडावर टाकला होता. माझे दोन्ही खांदे धरून ते म्हणाले, "दगड आला, वृंदा. वरून दगड आला."

पोलिसांनाही त्यांनी तेच सांगितलं. पंचनाम्यात तेच लिहिलं गेलं.

वरचे तिघे पुष्कळ उशिरा उतरले. शलाका सगळ्यांत शेवटी आली. एका खडकावर बसली. यशवंतकाका तिच्याशेजारी जाऊन बसले आणि खालच्या आवाजात बराच वेळ तिच्याशी बोलले. मला वाटलं, ते तिचं सांत्वन करतायत. एवढ्या दुःखातही त्यांना ते सुचलं, म्हणून मला त्यांच्याबद्दल आदर वाटला होता. त्या आदराचा मला आज, इतक्या वर्षांनीही, राग येतो.

*

घरी माणसांची रीघ लागली. प्रत्येक जण दाराशी चपला काढताना एकच वाक्य तयार ठेवून यायचा.

"असं मरण भाग्यवंताला येतं, वहिनी."

"डोंगराचा माणूस, डोंगराने घेतला."

"अंथरुणात खितपत पडण्यापेक्षा हे बरं."

मी चहा देत होते. मला विचारायचं होतं की, अंथरुणाला खिळण्याचा प्रश्न कुठे होता? त्यांना ब्लडप्रेशरसुद्धा नव्हतं. शिकरण खाऊन पंख्यावरून भांडणारा माणूस होता तो. आणि भाग्य कोणाचं? आई रात्री उठून बसायची आणि त्यांची उशी उन्हात घालायची आहे, असं म्हणायची. मी कप धुवायचे आणि पुन्हा चहा टाकायचे.

मग दुसरं एक वाक्य सुरू झालं. ते दाराशी नाही, जिन्यात बोललं जायचं. मंडळाचे जुने सदस्य, गुप्ते म्हणून, उतरताना कोणाला तरी सांगत होते. मी केराची बादली घेऊन त्यांच्या मागेच होते.

"दगडबिगड काही नाही हो. त्या पोरीची गाठ कच्ची राहिली. यशवंतराव मोठ्या मनाचे, तिला सांभाळून घेतायत. नाहीतर आज आत असती."

दहाव्याच्या दुसऱ्या दिवशी शलाका आली. आईने दार उघडलं, तिच्याकडे बघितलं आणि काही न बोलता आत निघून गेली. मी बाहेर आले. आम्ही जिन्यातच उभ्या राहिलो. तिचे डोळे आत गेले होते. बोटांवरचं कातडं सोलवटलं होतं, ते अजून भरलं नव्हतं.

"ताई, गाठ बरोबर होती," ती म्हणाली.

"मग काय झालं?"

"काकांनी सांगू नको म्हटलंय."

"मला?"

"कोणालाच. म्हणाले, दादांचं नाव जाईल." तिने भिंतीला पाठ टेकवली. "बोल्ट निघाले, ताई. दोन्ही. 'य' वाला आधी तुटला, मान मोडल्यासारखा. सगळं वजन 'भा'वर आलं आणि तो भोकातून सरळ बाहेर आला. आत लोखंड उरलंच नव्हतं. नुसता गंजाचा भुगा. बाहेर रंग चकचकीत."

"कुठे आहेत ते?"

"दोरालाच अडकून खाली गेले. काकांनी सोडवले आणि दरीत फेकले. पोलीस यायच्या आधी. दोर गुंडाळायला आलेल्या पोरांनी बघितलं, पण ती काकांपुढे काय बोलणार?"

"तुला संशय होता ना? आदल्या दिवशी घरी येऊन सांगत होतीस. मग तू जादा दोर का नाही लावलास?"

"लावला होता," ती म्हणाली.

खालच्या मजल्यावर कोणीतरी दार लावलं. तिने आवाज खाली आणला.

"माथ्यावर कातळाचं एक शिंग आहे. चांगलं जाडजूड. त्याला मी पट्टा टाकून दादांचा दोर दुहेरी केला होता. बोल्ट गेले तरी शिंगावर राहिले असते. दादांनी बघितलं. म्हणाले, माझ्या बोल्टांना कुबड्या लावतेस? चाळीस वर्षांच्या दिवशी? खाली सगळे बघतायत. काढ. मी म्हटलं, दादा, राहू दे ना, कोणाला दिसतंय. तर म्हणाले, मला दिसतंय."

"आणि तू काढलास."

"काढला."

"का काढलास?" माझा आवाज जिनाभर घुमला. "तू तिथली सगळ्यांत चांगली चढणारी होतीस. तुला कळत होतं. तू का ऐकलंस त्यांचं?"

ती माझ्याकडे बघत राहिली. तिच्या बघण्यात उद्धटपणा नव्हता. तिला खरोखरच उत्तर हवं होतं.

"ताई, दादांना नाही म्हणता येतं? तुम्हाला यायचं?"

ती दोन पायऱ्या उतरली, मग थांबली.

"ते गेल्यावर आम्ही तिघे वर अडकलो. बोल्ट नव्हतेच. मग मी पट्टा परत शिंगाला टाकला, आमच्याकडचा दुसरा दोर लावला. त्यावरून आम्ही तिघेही उतरलो. ते शिंग जरासुद्धा हललं नाही."

*

यशवंतकाका शोकसभेचं आमंत्रण द्यायला आले, तेव्हा मी त्यांना बसायला सांगितलं आणि चहा टाकला नाही.

"काका, बोल्ट निघाले ना?"

त्यांनी आधी आईकडे बघितलं. आई खिडकीपाशी बसून वाती वळत होती. मग त्यांनी चष्मा काढून खिशात ठेवला.

"शलाका आली होती वाटतं."

"मी तुम्हाला विचारतेय."

"निघाले," ते म्हणाले. "मग? काय सांगायचं होतं मी लोकांना? भाल्याचे बोल्ट सडले होते? सांगूनसुद्धा त्याने ऐकलं नाही? ज्या माणसाने आम्हाला अंबरनाथच्या बाहेर नाव दिलं, तो स्वतःच्या हट्टापायी गेला, असं माइकवरून सांगू?"

"पंचनाम्यात सांगायचं होतं."

"पंचनामा फाइलीत जातो. गोष्ट राहते." ते पुढे सरकले. "वृंदा, तू तेव्हा जन्मली नव्हतीस. मुंबईच्या लोकांनी आम्हाला खोटं ठरवलं होतं. टर्नर आणि फिटर. म्हणे इंग्रजी पुस्तकं वाचल्याशिवाय सुळके चढता येत नाहीत. त्या दोन बोल्टांनी आमची लाज राखली. ते सडले असं म्हटलं की, सगळंच सडलं."

"आणि शलाकाच्या गाठीबद्दल लोक बोलतायत, ते?"

"बोलतील आणि विसरतील. ती तरुण आहे. सोसेल."

"तुम्ही त्यांना थांबवलंत?"

ते खिशातला चष्मा काढून पुसत बसले. कच्च्या गाठीची कुजबुज त्यांच्या सोयीची होती. दगडावर विश्वास न बसणाऱ्यांना चघळायला दुसरं काहीतरी मिळत होतं.

"सभेत एक घोषणा करायची आहे," ते चष्मा डोळ्यांवर चढवून म्हणाले. "वहिनींची परवानगी हवी. दर वर्षी याच दिवशी वरवंट्यावर भालचंद्र पाटणकर स्मृती चढाई. शाळा-कॉलेजातली मुलं घेऊन. त्याच वाटेने, भालूच्या बोल्टांवरून. माथ्यावरचे दोन गेले. पण खालचे आहेत सगळे. या वर्षी नवीन रंग देऊ."

मला वाटलं, मी चुकीचं ऐकलं.

"काका, ते सगळे त्याच चढाईत ठोकलेत. एकाच लोखंडाचे."

"ते चांगले आहेत."

"ओढून बघितलेत?"

"भाल्याच्या बोल्टांना मी ओढून बघू?" त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. ते खरं होतं. या माणसाने चाळीस वर्षं दुसऱ्या कोणावर इतकं प्रेम केलं नसेल. आणि त्या प्रेमापायी तो शाळेतली पोरं त्या गंजावर लटकवायला निघाला होता.

"आई," मी म्हटलं. "तू काहीतरी बोल."

आईने वात पूर्ण वळली, बाजूला ठेवली.

"दगडच राहू दे, वृंदा," ती म्हणाली. "दगड असला तर कोणाचा दोष नाही. मला एवढं तरी राहू दे."

काका उठले. दारातून वळून म्हणाले, "तू दोन शब्द बोल सभेत. वाचन चांगलं आहे तुझं. भालूला अभिमान होता."

*

शाळेचं सभागृह भरलं होतं. मंचावर बाबांचा फोटो होता, तिशीतला, खांद्यावर दोराचं वेटोळं. मंडळातल्या मुलांनी त्याला झेंडूचा हार घातला होता. पहिल्या रांगेत आई बसली होती. भिंतीला लागून मागे, एकटी, शलाका उभी होती. तिच्या दोन्ही बाजूंच्या खुर्च्या रिकाम्या होत्या.

सहा-सात जण बोलले. सह्याद्रीचा सिंह. कातळाचा सखा. डोंगराने आपल्या लेकराला कुशीत घेतलं. एक जण तर म्हणाला, निसर्गाने टाकलेल्या त्या दगडाचंही आपण ऋण मानलं पाहिजे, कारण त्याने भालूदादांना अमर केलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. शोकसभेत टाळ्या. मी मांडीवरचे हात एकमेकांत घट्ट धरून बसले होते. मी आयुष्यभर डोंगरांवरची पुस्तकं वाचली आहेत. मोठमोठ्या मोहिमांची, मेलेल्या माणसांची. त्यांतही शेवटी कोणीतरी असंच लिहितं. वाचताना ते मला सुंदर वाटायचं.

मग यशवंतकाकांनी स्मृती चढाईची घोषणा केली. दुसऱ्या तिसऱ्या रांगेत गणवेशातली मुलं बसली होती, शाळेनेच आणली असावीत. काकांनी विचारलं, "कोण कोण येणार भालूदादांच्या वाटेने?" आणि सगळ्यांचे हात वर झाले. एका मुलीने तर दोन्ही हात वर केले.

"आता भालूची कन्या दोन शब्द बोलेल."

मी मंचावर गेले. काही लिहून आणलं नव्हतं. माइक माझ्या उंचीला फार वर होता, काकांनी पुढे होऊन तो खाली केला आणि माझ्या पाठीवर हात ठेवला.

"मुलांनो, हात खाली घ्या," मी म्हटलं. "वरवंट्यावर कोणी जायचं नाही."

काकांचा हात पाठीवरून निघाला.

"माझ्या वडिलांच्या अंगावर दगड पडला नाही. माथ्यावरचे दोन्ही बोल्ट निघाले. त्यांनी स्वतः कातलेले, स्वतः ठोकलेले. आत गंजले होते. बाहेरून आपण दर वर्षी रंग देत होतो, म्हणून दिसलं नाही. खालचे बोल्टही तसेच असतील. ते काढल्याशिवाय कोणी तिथे चढेल तर तोही मरेल."

सभागृहात खुर्च्या सरकल्या. गुप्ते उभे राहिले. "ही वेळ आहे का?"

"हीच आहे, गुप्ते काका. तुम्ही जिन्यात जे सांगता ते इथे मोठ्याने सांगा. सांगत नसाल तर बसा." ते बसले. "शलाकाची गाठ पक्की होती. तिने आदल्या दिवशी नवे बोल्ट मारू का विचारलं. बाबांनी नाही म्हटलं. माथ्यावर तिने कातळाच्या शिंगाला जादा दोर लावला. बाबांनी तो काढायला लावला. त्याच शिंगावरून नंतर ते तिघे सुखरूप उतरले. ज्याला पटत नसेल त्याने तिला विचारावं. ती मागे उभी आहे. तिला बसायला कोणी खुर्ची दिली नाही म्हणून उभी आहे."

लोक मागे वळले. शलाकाने मान खाली घातली.

"वृंदा, पुरे," काका माझ्या कानाशी म्हणाले. ते रडत होते. "अगं, फोटो आहे समोर त्याचा."

मी पहिल्या रांगेकडे बघितलं. आईने डोळे मिटले होते. पण ती उठली नाही.

फोटो खरंच समोर होता. त्यात ते माझ्यापेक्षा लहान होते आणि फार देखणे होते. माइक अजून सुरू होता. मी सभेकडे पाठ केली आणि त्यांच्याकडे वळले.

"बाबा, तुम्ही चुकलात," मी म्हटलं. "ती तुम्हाला सांगत होती आणि तुम्ही चुकलात. मला तुमचा फार राग आला आहे."